सरकून जाणारं नाव

तुमच्या डाव्या हातात लोखंडी स्टिक आहे आणि उजवा हात न बघता खणांकडे जातोय. श, र, द. मग एक कोरा खिळा. मग ज, त्याला काना-मात्रा. पुन्हा श, त्याला दुसरी वेलांटी. सगळी अक्षरं उलटी, आरशात दिसावीत तशी. साल १९५५, गाव इंदूर, तुमचं वय वीस आणि धंदा खिळे जुळवण्याचा. बाहेर राजवाड्याकडून येणाऱ्या टांग्याची घंटी वाजते, आत शिशाचा आणि रॉकेलचा वास कोंडलाय. बोटांच्या पेरांवरची काळी शाई आईच्या हातच्या पोळीला लागू नये म्हणून तुम्ही रोज राखेने हात घासता. तरी ती पुरती जात नाही.

घरी तुम्ही मराठी बोलता. पणजोबा होळकरांच्या चाकरीत इकडे आले आणि कुटुंब इथलंच झालं. रामबागेत अशी कितीतरी घरं आहेत. छापखान्यात मात्र दिवसभर हिंदी जुळवायची. लिपी तीच, म्हणून हात अडत नाही. फक्त 'ळ'चा खण महिनोन्महिने भरलेला राहतो. एखाद्या मराठी लग्नपत्रिकेचं काम आलं की त्या खणात हात जातो, आणि त्या दिवशी बोटांना घरी गेल्यासारखं वाटतं.

हे 'नई दुनिया'चं काम आहे. स्वातंत्र्याला दोन महिने उरले असताना, ५ जून १९४७ला, हे दैनिक इंदुरात सुरू झालं. त्याचे संपादक राहुल बारपुते, म्हणजे तेही आपल्यातलेच; घरात मराठी, आणि हिंदी अशी लिहिणारे की माळव्यातला शिक्षक वर्गात त्यांचा अग्रलेख वाचून दाखवतो. देवासला कुमार गंधर्व राहतात, इंदुरात विष्णू चिंचाळकर चित्रं काढतात, बाबा डिके नाटकं बसवतात, आणि बारपुते या सगळ्यांच्या मैत्रीतला माणूस. त्या वर्तुळाची ऊब छापखान्याच्या जिन्यापर्यंत येते.

तुमच्या स्टिकमध्ये जो मजकूर आहे तो 'परिक्रमा' या सदराचा. लिहिणारा चोवीस वर्षांचा आहे. २१ मे १९३१ला उज्जैनला जन्मलेला, इंदूरच्या होळकर कॉलेजातून बी. ए. झालेला. मराठी वाचकाने इथे घोटाळा करून घेऊ नये: हे शरद जोशी शेतकरी संघटनेचे नव्हेत. ते साताऱ्याचे, १९३५चे. हे माळव्याचे, हिंदीत लिहिणारे. आपल्याकडे त्यांचं नाव घेतलं की ऐकणारा कांद्याच्या भावाकडे वळतो, आणि मला दर वेळी वाईट वाटतं, कारण ज्या माणसाने लिहिलेलं आपण सगळे पडद्यावर पाहत मोठे झालो, त्याला स्वतःच्या नावाचीही अर्धीच जागा मिळाली.

तुम्ही सदराची शेवटची ओळ लावता आणि गॅलीवर माप धरता. दोन ओळी जास्त आहेत. वर्तमानपत्राचा रकाना रबराचा नसतो. शिसं ताणलं जात नाही. अशा वेळी वर निरोप जातो, "दोन ओळी जास्त होतायत," आणि लेखकाला ठरवावं लागतं की कुठलं वाक्य नसलं तरी चालेल. नवा लेखक अशा वेळी चिडतो. सदर चालवणारा हळूहळू शिकतो. काही महिन्यांनी त्याचा मजकूर मापातच येतो, आणि तुमच्या लक्षात येतं की वाक्यंही बदललीत: विशेषणं गळालीत, क्रियापदं लवकर येतात, जिथे हसू फुटायचं तिथे एकही शब्द जादा नाही. सदरलेखकाची ही शाळा तुम्ही रोज हाताने चाचपता. शाळा कशासाठी चालू आहे हे अजून तुम्हालाही माहीत नाही आणि कुणालाच नाही, कारण या देशात अजून टीव्ही आलेला नाही. तो दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ला येईल, प्रयोग म्हणून. इंदूरच्या छपरांवर यायला त्याला आणखी कितीतरी पावसाळे लागतील.

मे महिना आहे. आंब्याच्या रसाच्या दिवसांत आकाशवाणीचं इंदूर केंद्र सुरू होतं. लोक त्याला पत्त्यानेच ओळखू लागतात: मालवा हाउस. संध्याकाळी शेजारच्यांच्या खिडकीतल्या रेडिओसमोर गल्ली जमते. पुढे गावकऱ्यांच्या कार्यक्रमात नंदाजी आणि भेराजी बोलू लागतात, माळवीत, आणि बाजारातून परतणारा शेतकरी सायकल थांबवून उभा राहतो. तुमच्या आईला माळवी सगळी कळते असं नाही. पण भेराजी काय म्हणाला ते ती दुसऱ्या दिवशी भाजीवालीला सांगते.

याच इंदुरात शरद जोशी वर्तमानपत्राबरोबर रेडिओसाठीही लिहितात. याच दिवसांत त्यांची इरफाना सिद्दीकींशी ओळख होते, आणि पुढे लग्न. त्या काळच्या माळव्यात जोशी आणि सिद्दीकी ही दोन आडनावं एका दारावर लागणं किती अवघड होतं, हे तुम्ही त्या गल्लीत राहता म्हणून तुम्हाला वेगळं सांगायला नको.

रेडिओ लेखकाला काय शिकवतो, हे कळायला तुम्ही एकदा डोळे झाकून ऐका. छापलेलं वाक्य कळलं नाही तर वाचक मान वर करून मागची ओळ पुन्हा वाचतो. रेडिओवर गेलेलं वाक्य गेलं. 'वर म्हटल्याप्रमाणे' लिहून चालत नाही, कारण कानाला वर-खाली नसतं. पात्र कोण आहे हे दुसऱ्या पात्राच्या हाकेतून कळावं लागतं. लांब वाक्यात बोलणाऱ्याचा श्वास तुटतो आणि माइकला तो ऐकू जातो. मला ठामपणे वाटतं की टीव्हीचा लेखक पुस्तकाच्या पोटी जन्मत नाही, रेडिओच्या पोटी जन्मतो. आपले पु. ल. देशपांडे बघा: आकाशवाणीतून ते दिल्लीच्या त्या पहिल्या टीव्हीवर गेले, आणि तिथे त्यांना बोलण्याची भाषा नव्याने शोधावी लागली नाही.

१ नोव्हेंबर १९५६. मध्यभारत हे राज्य संपतं, इंदूरचं उन्हाळी राजधानीपण जातं, मोठं मध्य प्रदेश होतं आणि कचेऱ्या भोपाळला जातात. जोशीही पुढे भोपाळचे होतात. सरकारी माहिती खात्यात काही वर्षं नोकरी करतात, मग ती सोडतात. तुम्ही इंदुरातच राहता. तुमचं लग्न होतं, मुलगा होतो. १९५८ साली 'परिक्रमा' पुस्तकरूपाने येतं. ते हातात घेऊन तुम्ही पानं उलटता आणि बोटं आपोआप ओळीच्या शेवटाचं माप घेतात.

आता थोडं पुढे चला. रविवारची दुपार, रीगल टॉकीज. मुख्य चित्रपटाच्या आधी दिवे जातात आणि फिल्म्स डिव्हिजनची रीळ सुरू होते. धरण, ट्रॅक्टर, परदेशी पाहुणा, लहान मुलांना लस. ही रीळ दाखवणं चित्रपटगृहाला बंधनकारक आहे, म्हणून ती इंदुरातही लागते आणि इचलकरंजीतही. वरून एक खर्जातला आवाज बोलतो. लोक याच वेळात शेंगदाणे घ्यायला बाहेर जातात. तुम्ही जात नाही. तुम्हाला खिळ्यांच्या सवयीने एक प्रश्न पडतो: हे वाक्य कुणी जुळवलं असेल? धरणाची भिंत दिसत असताना 'ही धरणाची भिंत आहे' असं सांगायचं नसतं, हे ज्याला कळलंय तो कोण? माहितीपटाच्या लेखकाचं कसब त्याने न लिहिलेल्या वाक्यांत असतं, आणि न लिहिलेल्या वाक्यासाठी कुणी टाळी वाजवत नाही.

१९६७ साली याच फिल्म्स डिव्हिजनसाठी मकबूल फिदा हुसेन 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' करतात. हुसेन पंढरपूरला जन्मलेले, इंदुरात वाढलेले, देवळालीकर मास्तरांच्या चित्रशाळेत शिकलेले. राजस्थानातली छत्री, कंदील, जोडा, गाय, भिंत; चित्रं आणि संगीत यांच्यावरच सगळा डोलारा. बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटाचं सुवर्ण अस्वल मिळालं. शब्द कुठे थांबवायचे याचा याहून मोठा धडा लेखकासाठी नाही, आणि तो इंदूरच्या एका चित्रकाराने दिला.

यानंतरची वर्षं मी तुम्हाला भराभर ओलांडायला लावतो. 'जीप पर सवार इल्लियाँ' १९७१मध्ये आलं. बासू चटर्जींच्या 'छोटी सी बात'चे संवाद जोशींचे. अमोल पालेकर पडद्यावर अडखळत बोलतो तेव्हा दादरचा प्रेक्षक त्याला आपला मुलगा समजतो, आणि ते अडखळणं लिहिणारा माळव्याचा आहे हे कुणाच्या ध्यानात येत नाही. पण एका रात्री मात्र थांबा.

माळव्यातलं कविसंमेलन. मांडव भरलेला, रात्रीचे दोन वाजलेले, समोर सतरंज्यांवर हजारो माणसं. वीररस झाला, शृंगार झाला, गळेबाज कवींनी टाळ्या लुटल्या. आणि आता एक माणूस माइकसमोर येतो, त्याच्या हातात कविता नाही. कागद आहे, गद्याचा. तो गाणार नाही, हातवारे करणार नाही. नुसतं वाचणार. कविसंमेलनाच्या मंचावर गद्य वाचण्याची ही रीत शरद जोशींनी मुंबईच्या 'चकल्लस' या कार्यक्रमापासून रुजवली, आणि मग गावोगावचे लोक रात्र जागून गद्य ऐकू लागले. तुम्ही मांडवाच्या खांबाला टेकून उभे आहात. पहिलं वाक्य येतं, लोक शांत. दुसरं येतं, एका कोपऱ्यात कुणीतरी फुसकन हसतं. तिसऱ्याला लाट उठते. जोशी थांबतात. लाट ओसरायच्या थोडं आधी, पूर्ण ओसरल्यावर नव्हे, पुढचं वाक्य सोडतात.

ते थांबणं नीट बघून ठेवा. वर्तमानपत्राने या माणसाला माप दिलं, रेडिओने कान दिला, आणि या मांडवाने त्याला दिला समोरच्याचा श्वास. १९८४ साली हिंदुस्थानच्या घराघरांत जे घडणार आहे त्याची तालीम इथे होऊन गेली. पडद्यावरच्या नटाने कुठे थांबायचं हे कागदावर लिहिता येण्यासाठी आधी स्वतः हजारो माणसांपुढे थांबावं लागतं.

तुम्ही पन्नास वर्षांचे झालात. साल १९८५, उन्हाळा, शुक्रवारची रात्र. छापखान्यातले खिळे वितळून गेले, ऑफसेट आलं. तुम्ही आता प्रूफं वाचता; चष्मा जाड झालाय. रामबागेतल्या त्याच घरात, देवघराशेजारी, शटरचा टीव्ही आहे. शटर उघडण्याचा मान नातवाचा. गेल्या वर्षी देशात ट्रान्समीटरांचा सपाटा लागला होता, रोज एखादं गाव त्या जाळ्यात येत होतं, आणि आता कौलांवर, गच्च्यांवर, तुळशीवृंदावनाशेजारीसुद्धा अँटेना उभ्या आहेत. जेवणं आटोपलीत. शेजारच्या काकू सुपारीचा डबा घेऊन आल्यात, वरच्या मजल्यावरचे गुजराती भाडेकरू सहकुटुंब आलेत, दारात दूधवाला उभा आहे आणि त्याला कुणी जा म्हणत नाही.

"भिया, जरा सरको, पोरांना दिसत नाही," तुमची सून म्हणते. इंदूरची मराठी अशीच आहे, आणि मला ती फार आवडते.

आधी विकोची जाहिरात. पेंढरकरांचं ते दंतमंजन आणि हळदीची ती क्रीम. पुण्याहून आलेल्या मावशी अभिमानाने सांगतात की हे आपल्या माणसांचं. त्यांनीच ही मालिका प्रायोजित केलीय. मग शीर्षकगीत, किशोरकुमारचा आवाज. "हा आपल्या ख्रिश्चन कॉलेजचा," तुम्ही दर शुक्रवारी न चुकता सांगता. खांडव्याहून मीटरगेजच्या गाडीने शिकायला इंदुरात आलेला पोरगा.

'ये जो है जिंदगी'. दिग्दर्शक कुंदन शाह, मंजुल सिन्हा, रमण कुमार. नवरा शफी इनामदार, बायको स्वरूप संपत, तिचा भाऊ राकेश बेदी. आणि सतीश शहा, जो दर भागात नवा माणूस होऊन येतो, म्हणून सगळं घर आज तो कोण होतोय यावर पैज लावून बसतं. गोष्ट काय? काही नाही. घरी पाहुणा येतो. निरोप चुकीचा कळतो. साहेब जेवायला येणार असतात. आजवर टीव्हीवर शेतीची माहिती होती, बातम्या होत्या, बुधवारची गाणी होती. १९८४च्या जुलैत 'हम लोग' आलं, मनोहर श्याम जोशींचं. त्यात घरातली दुःखं होती आणि शेवटी अशोककुमार येऊन चार समजुतीच्या गोष्टी सांगत. त्याच वर्षी दुसऱ्या जोशींनी दाखवलं की घरातली फजितीसुद्धा पाहण्यासारखी असते आणि शेवटी कुणी समजूत घालायची गरज नसते. एकाच वर्षात दोन मालिका, लिहिणारे दोन जोशी, आणि दोन्हींकडे आवाज अशोककुमार-किशोरकुमार या गांगुली भावांचे. हा योगायोग मला अजूनही मोहवतो.

मुंबईच्या पाहुण्यांनी तुम्हाला 'चिमणराव'विषयी सांगितलेलं आहे. चिं. वि. जोशींचं लेखन, प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. मुंबई दूरदर्शनचे ते दिवस इंदूरच्या अँटेनेला कधी लागलेच नाहीत, म्हणून तुमच्या पिढीला ती हुरहुर राहिली. आज काकू हसता हसता पदराने डोळे पुसतायत आणि म्हणतायत, "अगदी आमच्या ह्यांच्यासारखं." त्यांना हिंदी नाटक बघतोय असं वाटतच नाही. जोशींनी पात्रांच्या तोंडी पुस्तकी हिंदी घातलीच नाही. जेवणाच्या ताटावर बोलतात ती घातली. ती भाषा मराठी घरात, गुजराती घरात सारखीच उतरते.

आणि मग नावं येतात. पांढरी अक्षरं, एकामागून एक. लेखकाचं नाव पडद्यावर दोन-तीन सेकंद राहतं.

तुम्ही पुढे वाकता. श, र, द. कोरी जागा. ज ला काना-मात्रा.

"मी जुळवलंय हे नाव," तुम्ही म्हणता.

"काय म्हणालात, बाबा?" सून विचारते. तेवढ्यात नाव सरकून गेलेलं असतं. दूधवाला निघालाय, पोरं उठलीत, कुणीतरी पंखा वाढवा म्हणतंय. तीस वर्षांपूर्वी हे नाव तुमच्या हातात वजनाला लागायचं. सहा खिळे असोत की सात, शिशाचं होतं. आता त्याला वजन नाही.

त्या दिवाळीत तुमचा भाचा मुंबईहून येतो. एका स्टुडिओत तो सहायकाचा सहायक आहे, पगार वेळेवर नसतो, पण डोळ्यांत चमक आहे. फराळाच्या ताटाशेजारी तो एक घडी घातलेला कागद पसरतो. कुठल्याशा मालिकेच्या पटकथेचं पान, सायक्लोस्टाइल केलेलं.

"मामा, बघा. मधोमध उभी रेघ. डावीकडे दिसतं ते, उजवीकडे ऐकू येतं ते."

तुम्ही चष्मा पुसून बघता. डावीकडे: दार उघडतं, तो आत येतो, पिशवी टेबलावर. उजवीकडे बराच वेळ काहीच नाही. मग एक शब्द.

"एवढी जागा कोरी का सोडली?"

"तिथे लोक हसतात, मामा. लेखकाने आधीच सोडून ठेवायची."

भाचा सांगत राहतो. अर्ध्या तासाची मालिका अर्ध्या तासाची नसते. जाहिराती वजा जाता बावीस-तेवीस मिनिटं उरतात. सेट दोन, फार तर तीन. पाऊस लिहिला तर निर्माता हात जोडतो. नट आजारी पडला की रात्रीत त्याची वाक्यं दुसऱ्याच्या तोंडी बसवायची, आणि तीही त्याचीच वाटली पाहिजेत. माहितीपटाचा कागद दिसायला असाच, पण तिथे क्रम उलटा: बहुतेक वेळा डावी बाजू आधी भरलेली येते, चित्रण होऊन गेलेलं असतं, आणि लेखक घड्याळ समोर ठेवून मोठ्याने वाचत उजवी बाजू लिहितो. मिनिटाला सव्वाशेच्या आसपास शब्द. त्याहून जास्त झाले की आवाज धावतो आणि चित्र मागे राहतं.

"आणि जास्त झाले तर?"

"तर एडिटिंगच्या खोलीतून फोन येतो, दोन ओळी जास्त होतायत."

तुम्ही चकलीचा तुकडा हातातच धरून हसता. भाच्याला कारण कळत नाही. त्याला कसं सांगणार, की हा निरोप तुम्ही तीस वर्षांपूर्वी याच गावातून वर पाठवत होता.

"हा कागद पुढे कुठे जातो?" तुम्ही विचारता.

"जाणार कुठे? शूटिंग झालं की संपलं. कुणी मागे हिशेब करतं, कुणी वडा गुंडाळतं. टेपासुद्धा महाग असतात, पुसून पुन्हा वापरतात."

हे ऐकून तुमचा घास अडतो. मलाही इथे थांबावंसं वाटतं. आपण नाटकाची संहिता छापतो, कवितेची वही जपतो, गायकाची मैफल टेपवर उतरवतो. लाखो घरांनी एकाच रात्री पाहिलेलं जे लिहिलं गेलं, त्याचा कागद मात्र कामाचा कागद म्हणून फेकला गेला. त्या लेखनाला लेखन न समजण्याची ही चूक आपण सगळ्यांनी मिळून केली, आणि तिची भरपाई पैशाने होणारी नाही.

जोशी याच काळात मुंबईत दोन पायांवर उभे आहेत. एक पाय मालिकांमध्ये: 'वाह जनाब', 'दाने अनार के', 'श्रीमतीजी', आणि रामानंद सागरांचं 'विक्रम और बेताल'. सोमदेवाच्या 'कथासरित्सागरा'तली ती पंचवीस कोडी, मराठी घरांत 'वेताळ पंचविशी' म्हणून आजीच्या तोंडून ऐकलेली. उज्जैनच्या राजाची गोष्ट उज्जैनच्याच माणसाच्या लेखणीतून टीव्हीवर यावी, हे मला फार उचित वाटतं. दुसरा पाय वर्तमानपत्रात: १९८५पासून 'नवभारत टाइम्स'मध्ये 'प्रतिदिन', रोजचं सदर. तिथे संपादक राजेंद्र माथुर, जे इंदूरच्या 'नई दुनिया'तूनच दिल्लीला गेलेले. ज्याने टीव्हीतून नाव आणि पैसा पाहिला तो रोजचं सदर कशाला लिहील, असं लोक म्हणतात. तुम्ही प्रूफ वाचणारे आहात, तुम्हाला उत्तर ठाऊक आहे. रोज मापात लिहिणाऱ्याचा हात थांबला की गंजतो. आणि सदरावर नाव रोज छापून येतं, सकाळभर घरात पडून राहतं, दुपारी त्यात कुणी शेव बांधून नेली तरी ते वाचता येतं.

१९९०मध्ये पद्मश्री. १९९१ मात्र वाईट वर्ष. ९ एप्रिलला राजेंद्र माथुर गेले. जुलैत 'दिल है के मानता नहीं' लागला, संवाद शरद जोशींचे. तुमची नात त्यातली गाणी म्हणत घरभर फिरते. आणि सप्टेंबरच्या सहा तारखेला सकाळी तुम्ही दारातला पेपर उचलता. काल, ५ सप्टेंबरला, मुंबईत शरद जोशी गेले. साठ वर्षांचे होते. तुम्ही बातमी दोनदा वाचता. नाव बरोबर छापलंय, दुसरी वेलांटी जागेवर आहे. पेपर दुमडून तुम्ही उन्हात बसता आणि त्या दिवशी कामावर उशिरा जाता, पस्तीस वर्षांत पहिल्यांदा.

इंदूरने लेखक देणं थांबवलं नाही. इथल्याच एका मराठी घरात, गाणाऱ्या आईवडिलांच्या पोटी वाढलेले स्वानंद किरकिरे राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून बाहेर पडले, आणि त्यांच्या सुरुवातीच्या कामांत भगतसिंगांवरची दूरदर्शन मालिका होती, 'स्वराज'. पुढे 'लगे रहो मुन्नाभाई' आणि 'थ्री इडियट्स'च्या गीतांसाठी त्यांना दोनदा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गाणी सगळ्यांना पाठ आहेत. मालिकेचं नाव काढलं तर दहातले नऊ जण गप्प बसतात. ही रीत जुनीच आहे.

शेवटचा मुक्काम. २६ ऑक्टोबर २००९, सोमवारची रात्र. तुम्ही चौऱ्याहत्तर वर्षांचे. रामबागेतलं घर पाडून तिथे इमारत झाली, तुम्ही तिसऱ्या मजल्यावर राहता. अँटेना गेल्या, भिंतीवर सपाट टीव्ही आहे आणि रिमोट नातीकडे. ती सब टीव्ही लावते. नवी मालिका सुरू होतेय. एक गाव दिसतं, ज्याला सगळे विसरलेत, जिथे पाण्याची आणि विजेची वाट बघत माणसं ओट्यावर बसून बोलतात. गोष्टी ओळखीच्या वाटतात. मग नाव येतं: 'लापतागंज', आणि त्याच्याखाली, 'शरद जोशी की कहानियों का पता'.

"आजोबा, हे शरद जोशी कोण?" नात विचारते.

तुमची उजवी बोटं आरामखुर्चीच्या हातावर हलतात. श, र, द. या वेळी घाई नाही. माणूस जाऊन अठरा वर्षं झालीत आणि त्याचं नाव मालिकेच्या नावातच बसलंय, दर भागाला पुन्हा येणार आहे. तुम्ही नातीला सांगायला सुरुवात करता, १९५५पासून.

आता मी तुम्हाला तुमच्या आजच्या घरी परत आणतो, आणि एक मागणं मागतो. भोपाळला माधवराव सप्रे यांच्या नावाचं समाचारपत्र संग्रहालय आहे, १९८४पासून. ज्या वर्षी 'ये जो है जिंदगी' सुरू झाली, त्याच वर्षापासून. सप्रे हेही मराठी घरातले, हिंदी पत्रकारितेसाठी आयुष्य दिलेले. इंदूर, उज्जैन, देवास, दादर, डोंबिवली, कुठेही तुमच्या माळ्यावर रेडिओच्या संहितेचं, मालिकेच्या पटकथेचं, माहितीपटाच्या निवेदनाचं एखादं पिवळं पडलेलं पान असेल, मधोमध उभी रेघ असलेलं, तर यंदाच्या दिवाळीच्या आवराआवरीत ते रद्दीवाल्याला देऊ नका. वरच्या कोपऱ्यात लेखकाचं नाव असेल. ते वाचा, आणि तो कागद अशा एखाद्या संग्रहालयात पोचवा.